झाकली मूठ आणि बंद पाकीट

मॅजिक, पोकेमॉन, यू-गी-ओ अशा जमवायच्या आणि खेळायच्या कार्डांचा नवा सेट, म्हणजे नवी मालिका, येणार म्हटलं की कार्डवाल्या माणसाचं चित्त आठवडाभर आधीपासून थाऱ्यावर नसतं. एकेक कार्ड जाहीर होत असतं, कुणी त्यावरून डेकचे, म्हणजे खेळायला घ्यायच्या कार्डांच्या गठ्ठ्याचे, आराखडे मांडत असतं, कुणी प्री-ऑर्डर करून मोकळंही झालेलं असतं. आणि प्रत्यक्ष खरेदीची वेळ येते तेव्हा एकाच सेटची सात-आठ रूपं समोर मांडलेली दिसतात: सुटं बूस्टर पॅक (आत कोणती कार्डं निघतील ते ठाऊक नसलेलं बंद पाकीट), अशा पाकिटांचा बूस्टर बॉक्स, पत्र्याचा डबा, तयार डेक, एकदोन प्रोमो, म्हणजे जाहिरातीसाठीची खास कार्डं घातलेली सजवलेली पेटी, शिवाय साध्या पाकिटाच्या कितीतरी पट महाग असं कलेक्टर पाकीट. मग घ्यायचं काय?

हा प्रश्न मी बरीच वर्षं चुकीच्या पद्धतीने सोडवत आलो. एका सेटच्या वेळी मला एकाच कार्डाच्या चार प्रती हव्या होत्या, कारण माझा डेक त्या कार्डावरच उभा राहणार होता. मी सरळ ३६ पाकिटांचा आख्खा बॉक्स घेतला. पहिली आठ-दहा पाकिटं मी मन लावून फोडली, प्रत्येक कार्ड वाचलं, चित्रकाराचं नावसुद्धा बघितलं. पुढे पुढे बोटं थेट मागच्या कार्डावर जायला लागली, जिथे रेअर, म्हणजे दुर्मीळ कार्ड असतं. तिसावं पाकीट फोडताना जाणवलं की आपण आता काहीच वाचत नाही आहोत, नुसतं फाडतो आहोत. टेबलावर चकचकीत वेष्टनांचा ढीग, शेजारी कॉमन, म्हणजे नेहमी निघणाऱ्या कार्डांचे चार उंच गठ्ठे, आणि जे कार्ड हवं होतं त्याची एकही प्रत नाही. ते गठ्ठे बुटांच्या खोक्यात गेले आणि मी त्यांना पुन्हा हात लावला नाही. तेवढ्याच पैशांत त्या कार्डाच्या चारही प्रती सुट्या मिळाल्या असत्या, वर निम्मा डेक तयार झाला असता.

तेव्हापासून माझं मत पक्कं झालं आहे. पाकीट फोडणं हाच जिथे खेळाचा भाग आहे, तिथेच बंद पाकीट घ्यावं. एरवी आत काय आहे ते बाहेर छापलेली वस्तू घ्यावी, नाहीतर सरळ सिंगल्स, म्हणजे सुटी कार्डं घ्यावीत. आणि ज्या पाकिटात काय निघेल हे विकणाऱ्यालाही सांगता येत नाही, त्यात काय निघण्याची शक्यता किती आहे हे कंपनीने पाकिटावर छापलंच पाहिजे. पहिला भाग आपल्या हातात आहे. दुसरा आपण सगळ्यांनी मिळून मागायचा आहे.

झाकली मूठ सव्वा लाखाची, ही म्हण बूस्टर पॅकइतकी दुसऱ्या कशालाच लागू पडत नसेल. फोडेपर्यंत त्यात सेटमधलं सगळ्यात भारी कार्ड असू शकतं. पण असू शकतं म्हणजे किती? मॅजिक: द गॅदरिंग या खेळात २००८ साली ‘शार्ड्स ऑफ अलारा’ या सेटपासून मिथिक रेअर ही रेअरच्याही वरची नवी पायरी आली. त्या सेटमध्ये ५३ रेअर आणि १५ मिथिक कार्डं होती. छपाईचा एक ताव डोळ्यांसमोर आणा: ११ ओळी, प्रत्येकीत ११ कार्डं, एकूण १२१. प्रत्येक रेअर त्यावर दोनदा, प्रत्येक मिथिक एकदाच. ५३ दुणे १०६ आणि वर १५, बेरीज बरोबर १२१. पाकिटात या तावावरचं एक कार्ड येतं, म्हणजे एखादं ठरावीक मिथिक एका पाकिटात निघण्याची शक्यता १२१ मध्ये १. फॉइल, म्हणजे चकचकीत प्रती बाजूला ठेवल्या तर ३६ पाकिटांचा पूर्ण बॉक्स फोडूनही ते निदान एकदा मिळण्याची शक्यता साधारण २६ टक्के येते. चार जणांनी एकेक बॉक्स फोडला तर सरासरी त्यातल्या तिघांच्या हाती ते कार्ड लागत नाही, असा याचा अर्थ.

इथे एक गैरसमज फार खोलवर रुजलेला आहे. १०० पाकिटांत १ असं प्रमाण ऐकलं की माणूस मनात म्हणतो, १०० फोडली की मिळणारच. तसं होत नाही. १०० पाकिटं फोडणाऱ्यांपैकी सुमारे ३७ टक्के लोक त्या कार्डाविनाच उरतात. ९० टक्के खात्री हवी असेल तर २३० पाकिटं लागतात. आधीच्या नव्व्याण्णव पाकिटांत काय निघालं याचा शंभराव्या पाकिटाशी काही संबंध नसतो, आणि ‘इतकी फोडली, आता एक तरी येईलच’ हा जो आवाज मनातून येतो तोच सगळ्यात महाग पडतो. मी तो ऐकला आहे.

सेट पूर्ण करणाऱ्यांचा हिशोब आणखी बघण्यासारखा आहे. समजा सेटमध्ये ६० रेअर आहेत, सगळी सारख्याच प्रमाणात छापलेली, आणि प्रत्येक पाकिटात एक. त्यातली पहिली ३० वेगवेगळी कार्डं सरासरी ४१ पाकिटांत येतात. साठच्या साठ यायला मात्र सरासरी २८१ पाकिटं लागतात, आणि त्यातली ६० फक्त शेवटच्या एका कार्डासाठी. पहिला अर्धा सेट भराभर भरतो, म्हणून वाटतं की उरलेलाही असाच भरेल. त्यामुळे सेट जमवणाऱ्याने सुरुवात पाकिटांनी केली तर माझी हरकत नाही, ते शहाणपणाचंही आहे. पण निम्मा सेट झाला की पाकिटं थांबवावीत आणि अदलाबदल सुरू करावी. आपल्याकडचं तिसरं जास्तीचं कार्ड हे दुसऱ्या कुणाचं शेवटचं हवं असलेलं कार्ड असतं.

मग पाकीट घ्यावं तरी कधी? ड्राफ्टला घ्यावं, सील्डला घ्यावं (दोन्ही प्रकारांत पाकिटं फोडून तिथेच डेक बांधायचा असतो), आणि तेव्हा अगदी मन भरून घ्यावं. ड्राफ्टमध्ये आठ जण टेबलाभोवती बसतात, प्रत्येकाकडे तीन पाकिटं. एक फोडायचं, एक कार्ड ठेवायचं, उरलेली डावीकडच्याकडे सरकवायची, कार्डं संपेपर्यंत असंच. दुसऱ्या पाकिटाला उजवीकडे, तिसऱ्याला पुन्हा डावीकडे. शेवटी जे हाती आलं त्यातून ४० कार्डांचा डेक बांधायचा आणि खेळायचं. शेजारी कोणत्या रंगाची कार्डं सोडतो आहे यावरून त्याच्या मनात काय चाललंय हे ओळखावं लागतं. बुटांच्या खोक्यात जाणारं कॉमन कार्ड इथे सातव्या-आठव्या क्रमांकाला हाती आलं तर आनंद होतो.

एका प्री-रिलीजला, म्हणजे सेट बाहेर पडण्याआधीच्या खेळाच्या दिवशी, माझ्यासमोर अकरा-बारा वर्षांचा एक मुलगा बसला होता. सील्ड खेळ होता, प्रत्येकाला सहा पाकिटं. त्याने सगळी फोडली, सगळी कार्डं रंगवार लावली आणि मग एकेक कॉमन तोंडाजवळ धरून हळू आवाजात वाचायला लागला. मला दोन जोरदार रेअर निघाली होती, मी दोन्ही डेकमध्ये कोंबली, रंग जुळत नसतानाही. तिसऱ्या डावात माझ्या हातात ती दोन्ही कार्डं अडकून पडली होती आणि त्याची साधी दोन-दोन ताकदीची प्यादी पुढे सरकत होती. मध्येच तो म्हणाला, “काका, तुमचं हे कार्ड एकदा परत वाचू का?” त्याने ते वाचलं, मान हलवली आणि पुढच्याच खेळीत मला हरवलं. त्या दिवशी त्याच्या सहाही पाकिटांतलं प्रत्येक कार्ड त्याने वापरून नाहीतर निदान तपासून घेतलं होतं. पाकिटाची पूर्ण किंमत वसूल होणं म्हणजे काय, ते मी तिथे पाहिलं.

बाकीच्या वस्तूंचं कोडं सोडवायला माझ्याकडे एकच किल्ली आहे: खेळाचा नियम बघा. मॅजिकचा कमांडर हा प्रकार घ्या. त्यात १०० कार्डांचा डेक असतो आणि मूलभूत लँड (बाकीची कार्डं खेळायला ताकद पुरवणारी कार्डं) सोडली तर प्रत्येक कार्डाची एकच प्रत चालते. म्हणून २०११ पासून निघणारे तयार कमांडर डेक खोललेल्या मिनिटाला पूर्ण असतात. नवशिक्याला मी डोळे झाकून तेच घ्यायला सांगतो. यू-गी-ओमध्ये एका कार्डाच्या तीन प्रती चालतात, म्हणून त्या खेळात एकच स्ट्रक्चर डेक, म्हणजे तयार डेक, तीनदा घेण्याची रीत आहे. वरवर उधळपट्टी वाटते, पण महत्त्वाच्या कार्डांच्या तिन्ही प्रती नक्की मिळतात आणि नशिबाचा संबंध येत नाही. पोकेमॉनमध्ये डेक नेमका ६० कार्डांचा. त्यांच्या एलीट ट्रेनर बॉक्स या सजवलेल्या पेटीत ६५ स्लीव्ह, म्हणजे कार्डं जपायची आवरणं असतात, म्हणजे एक डेक आणि पाच जादा. शिवाय एनर्जी कार्डं, नुकसान मोजायचे फासे, आतल्या कार्डांना कप्पे पाडणारे पुठ्ठे. ही पेटी पहिल्यांदा घेणाऱ्याला यातली प्रत्येक गोष्ट लागते. तिसऱ्यांदा घेणाऱ्याकडे तेच फासे तिसऱ्यांदा येतात, आणि तो मुळात आतल्या नऊ पाकिटांसाठीच पैसे देत असतो. अशा वेळी पेटीच्या किमतीला आतल्या पाकिटांच्या संख्येने भागून बघावं. हा एक भागाकार मी प्रत्येक सजवलेल्या पेटीच्या बाबतीत करतो, आणि निम्म्या पेट्या तिथेच गळतात. पोकेमॉनच्या खास सेटना, उदाहरणार्थ २०२३ च्या ‘१५१’ला, हा भागाकार जास्तच लागू होतो, कारण त्यांचा नेहमीचा ३६ पाकिटांचा बॉक्स निघतच नाही. पाकिटं हवीत तर बऱ्याचदा प्रोमोसकट, डब्यासकट घ्यावी लागतात.

एखाद्या लहान मुलासाठी घेत असाल तर दोन तयार डेक घ्या. एक त्याचा, एक समोरच्याचा. दहा सुट्या पाकिटांतून खेळता येईल असं काहीच तयार होत नाही, आणि पाकिटं देऊन आपण त्या मुलाला खेळाऐवजी फोडण्याची गोडी लावतो. हे मला मनापासून खटकतं.

कलेक्टर बूस्टरबद्दल फार लिहावंसं वाटत नाही. मॅजिकमध्ये ते २०१९ पासून आहेत. चकचकीत, बिनचौकटीची, क्रमांक घातलेली कार्डं ज्याला चित्रासाठी आवडतात त्याने ती जरूर घ्यावीत, हौसेला मोल नसतं. पण फॉइलवरचा मजकूर साध्या कार्डावरचाच असतो आणि डाव त्याने जास्त जिंकता येत नाही. २०२३ मध्ये ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’वरच्या सेटात एका अंगठीच्या कार्डाची जगात एकमेव प्रत छापून ती इंग्रजी कलेक्टर पाकिटांपैकी एकात टाकली गेली. ती सापडलीही. एका माणसाला ती मिळाली, आणि तिच्या आशेने पाकिटं घेणाऱ्या बाकी सगळ्यांना ती मिळणं पहिल्यापासूनच शक्य नव्हतं.

पाकिटं न फोडता कपाटात ठेवून पुढे विकू, असं म्हणणाऱ्यांचाही एक मोठा वर्ग आहे. जुन्या कार्डांच्या भावाच्या बातम्या वाचून ही कल्पना सुचते, पण ते भाव कशामुळे आले हे त्या बातम्यांत नसतं. बेसबॉलची कार्डं छापणाऱ्या टॉप्स कंपनीचे साय बर्गर यांनी स्वतः सांगितलं आहे की १९५२ च्या बेसबॉल मालिकेची न खपलेली खोकी त्यांनी १९६० च्या सुमारास अटलांटिक समुद्रात बुडवली. ज्या वस्तूला कुणी विचारत नव्हतं, जी समुद्रात गेली, जी मुलांनी सायकलच्या चाकांत अडकवून फाडली, तीच पुढे दुर्मीळ झाली. याउलट १९८० च्या दशकाच्या शेवटी लोकांनी बेसबॉलची कार्डं गुंतवणूक म्हणून जपायला सुरुवात केली, कंपन्यांनीही ती वारेमाप छापली, आणि त्या काळचे सीलबंद बॉक्स आजही पडून आहेत. सगळ्यांनीच जपून ठेवलेली वस्तू दुर्मीळ होत नाही. आज पोकेमॉनचीच एप्रिल २०२३ ते मार्च २०२४ या एका वर्षात सुमारे १,१९० कोटी कार्डं छापली गेली. यातल्या एखाद्या बॉक्सचा भाव उद्या वाढेलही, पण कोणत्या बॉक्सचा हे आधी सांगू शकणारा माणूस मला अजून भेटलेला नाही. शिवाय मागणी दिसली की कंपनी पुन्हा छापू शकते. जी वस्तू कुणी खेळणार नाही, फोडणार नाही, बघणारही नाही, तिच्यासाठी रांगेत उभं राहून खेळणाऱ्याच्या वाट्याचं पाकीट उचलणं मला योग्य वाटत नाही. याच हव्यासापायी रांगांत भांडणं होतात. मे २०२१ मध्ये अमेरिकेतल्या टार्गेट या साखळीने सुरक्षिततेचं कारण देऊन आपल्या दुकानांतली कार्डांची विक्री काही काळ थांबवली होती.

कधी घ्यावं, याचं उत्तर सोपं आहे. नव्याचे नऊ दिवस जाऊ द्यावेत. सेट बाहेर पडण्याआधी सुट्या कार्डांचे भाव अंदाजावर चालतात. मग पाकिटं फुटतात, कार्डं बाजारात येतात, कोणतं कार्ड खरंच चालतं ते दिसतं, आणि बहुतेक कार्डांचे भाव दोन-तीन आठवड्यांत उतरतात. एखादं चढतं, ते सोडून द्यावं लागतं. मॅजिकचे २०२५ या एका वर्षात स्टँडर्ड या खेळप्रकारात चालणारे सहा सेट आले, म्हणजे सरासरी दोन महिन्यांना एक. प्रत्येकाच्या पहिल्या दिवशी हजर राहायचं ठरवलं तर आधीच्या सेटची कार्डं वाचायलाही वेळ उरत नाही.

माझ्या या सगळ्या म्हणण्यावर एक आक्षेप खरा आहे, आणि तो मी टाळणार नाही. सगळ्यांनीच सुटी कार्डं घ्यायची ठरवली तर पाकिटं फोडणार कोण? मला मिळालेलं प्रत्येक सुटं कार्ड कुणाच्या तरी पाकिटातून आलेलं आहे. हे मान्य. पण ड्राफ्ट खेळणारे आहेत, फोडण्याचा आनंद जाणूनबुजून विकत घेणारे आहेत, विकण्यासाठीच मोठ्या प्रमाणावर फोडणारे व्यापारी आहेत. एवढ्यांवर बाजार चालू शकतो. आपल्याला चार प्रती मिळतील या चुकीच्या समजुतीने बॉक्स घेणाऱ्या नवख्यांच्या पैशावर तो चालावा, हे मला पटत नाही. आणि तो तसा चालत नसेल, तर शक्यता छापायला कुणाची हरकत असू नये.

खरा सार्वजनिक प्रश्न मला इथे दिसतो. ही वस्तू घेणाऱ्यांत मुलं मोठ्या संख्येने आहेत. अमेरिकेत कार्ड कंपन्यांवर, हा जुगार आहे, असे दावे दाखल झाले होते. २००२ साली तिथल्या नवव्या सर्किटच्या अपील न्यायालयाने कंपन्यांच्या बाजूने निकाल दिला. हवं ते कार्ड न मिळाल्याची निराशा म्हणजे मालमत्तेचं नुकसान नव्हे, असं न्यायालयाचं म्हणणं होतं. मला तो निकाल तर्काला धरून वाटतो. घेणाऱ्याला पाकिटाचं स्वरूप ठाऊक होतं, त्याने ते घेतलं, व्यवहार पुरा झाला. पण हा तर्क धरायचा तर घेणाऱ्याला स्वरूप खरोखर ठाऊक असलं पाहिजे. ‘आत १० कार्डं, त्यात दुर्मीळ कार्ड असू शकतं’ एवढ्यावर ते ठाऊक होत नाही.

संगणकावरच्या खेळांत हा वाद केव्हाच पुढे गेला आहे. चीनने २०१७ मध्ये खेळांत विकल्या जाणाऱ्या बंद पेट्यांच्या, म्हणजे लूट बॉक्सच्या, शक्यता जाहीर करणं बंधनकारक केलं. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये अ‍ॅपलनेही आपल्या अ‍ॅप स्टोअरसाठी तसाच नियम आणला. बेल्जियमच्या गेमिंग आयोगाने २०१८ मध्ये काही खेळांतल्या लूट बॉक्सना सरळ जुगारात मोजलं. कागदाच्या कार्डांना मी जुगार म्हणणार नाही. पाकिटातून निदान हातात धरता येईल, देता-घेता येईल असं काहीतरी निघतं, आणि ड्राफ्टसारखा सुंदर खेळ त्याच अनिश्चिततेवर उभा आहे. पण पडद्यावरच्या पेटीसाठी शक्यता सांगावी लागते आणि कागदाच्या पाकिटासाठी नाही, या फरकामागचं कारण मला कुणी समजावून सांगितलेलं नाही.

शक्यता छापल्या तर कुतूहल मरेल, असं काही जण म्हणतात. बेसबॉलसारख्या खेळांच्या कार्डांच्या पाकिटांवर इन्सर्ट, म्हणजे मधूनच घातलेल्या खास कार्डांचं प्रमाण, अमुक पाकिटांत एक असं, वर्षानुवर्षं छापलं जातं, आणि ती पाकिटं फोडणाऱ्यांचा उत्साह कमी झालेला नाही. पोकेमॉनच्या बाबतीत मात्र दर नव्या सेटला चाहते हजारो पाकिटं फोडून, प्रत्येकातलं कार्ड नोंदवून शक्यतांचे अंदाज काढत बसतात. जो आकडा छापणाऱ्याला तावावरूनच ठाऊक असतो तो शोधायला हौशी माणसांनी इतके कष्ट घ्यावेत, हे बघून मला त्यांचं कौतुक वाटतं आणि छापणाऱ्यांचा रागही येतो.

परवा एक रिकामं वेष्टन उलटं करून बघितलं. मागच्या बाजूला कॉपीराइटची बारीक ओळ आहे, वयाची सूचना आहे, कंपनीचा पत्ता आहे, आत किती कार्डं आहेत हे अनेक भाषांत लिहिलेलं आहे. त्याखाली बोटभर रुंदीची कोरी निळी पट्टी आहे. तिच्यावर सेटमधल्या प्रत्येक पायरीची शक्यता दोन ओळींत मावेल, मी पेन्सिलने लिहून पाहिली.